पडक्या शहरांच्या गोष्टी आणि ताईंचा टोमणा

पत्र:

नमस्कार. मी पंचेचाळीस वर्षांची आहे. वाचनाचं वेड लहानपणापासूनचं, पण गेल्या दीड-दोन वर्षांत त्याने भलतंच वळण घेतलंय. साथीत सापडलेली शहरं, वेढ्यात अडकलेली शहरं, बॉम्बने भुईसपाट झालेली, गुंडांच्या हाती गेलेली... एक पुस्तक संपलं की दुसरं. कादंबरी असेल तर रात्री दोनपर्यंत जागून संपवते. पण खऱ्या शहरावरचं, खरोखर घडलेल्या गोष्टींचं पुस्तक घेतलं की चाळीस-पन्नास पानांत दम लागतो आणि ते मिटून ठेवते. अशी पाच पुस्तकं अर्धवट पडली आहेत. म्हणजे लोकांची दुःखं मला गोष्ट म्हणून हवीत, खरी नकोत, असंच ना? परवा ताई आली होती. उशाशी रचलेला ढीग बघून म्हणाली, "युद्धस्य कथा रम्या! दुसऱ्यांच्या जळत्या घरांवर शेकायला बरं वाटतं तुला." तेव्हा हसून सोडून दिलं, पण टोचतंय. हे वाचणं थांबवू का? नाही तर कोणत्या क्रमाने काय वाचू? विश्वास कशावर ठेवायचा, कादंबरीवर की कथेतर पुस्तकावर? रोबेर्तो बोलान्योची '२६६६' ही जाडजूड कादंबरी आणून ठेवली आहे, हात लावायचं धाडस होत नाही. आणि ताईला काय उत्तर देऊ, तेही सांगा.

(नाव न छापण्याची विनंती आहे.)

उत्तर:

ताईंपासून सुरुवात करतो, कारण त्या म्हणाल्या ते निम्मं बरोबर आहे. 'युद्धस्य कथा रम्या' हा तुकडा आपण येता-जाता वापरतो. मूळ श्लोकात तीन गोष्टी आहेत. पहिली डोंगराची, तिसरी युद्धाची, आणि मधली इथे छापण्याजोगी नाही. शेवट आहे 'त्रीणि रम्याणि दूरतः'. तिन्ही गोष्टी लांबूनच साजऱ्या. श्लोकाचा सगळा रोख त्या 'दूरतः'वर आहे. ताईंनी नेमका तो शब्द गाळला आणि तुमची सगळी अडचण त्याच शब्दात अडकली आहे.

तेव्हा वाचणं थांबवू नका. मात्र यापुढे असं पुस्तक हातात घेतलंत की एवढं बघा: लिहिणारा कुठे उभा राहून हे शहर बघतोय, आणि तिथून त्याला कोण दिसत नाही? संकटातल्या शहरांवरची पुस्तकं मी आता याच प्रश्नाने वाचतो. हा प्रश्न मला फार उशिरा सुचला, तोही स्वतःची फजिती झाल्यावर.

विशीत मी आल्बेर कामूची 'द प्लेग' वाचली होती. १९४७ची कादंबरी. अल्जीरियातलं ओरान शहर. आधी उंदीर मरायला लागतात, मग माणसं, मग शहराचे दरवाजे बंद. मी भारावून गेलो होतो, वहीत वाक्यंच्या वाक्यं उतरवून घेतली होती. पंधरा-सोळा वर्षांनी पुन्हा वाचायला घेतली आणि सुरुवातीच्याच एका प्रसंगावर अडखळलो. पॅरिसच्या एका वर्तमानपत्राचा बातमीदार, रांबेर, डॉक्टर रियूकडे येतो. ओरानमधले अरब कशा परिस्थितीत राहतात, त्यांच्या आरोग्याची काय अवस्था आहे, यावर त्याला लिहायचंय. डॉक्टर विचारतो, सगळं खरं छापता येईल का तुला? बातमीदार म्हणतो, सगळं नाही. मग माझ्याकडून माहिती मिळणार नाही, असं डॉक्टर स्वच्छ सांगतो. वर सुचवतो की गावात सध्या मेलेल्या उंदरांचा चमत्कारिक प्रकार चालू आहे, त्यावर लिहिता येईल.

पुढे पूर्ण कादंबरीत अरब जवळपास नाहीतच. शहर अल्जीरियातलं, पण मरणाऱ्यांत, त्यांच्या उशाशी बसणाऱ्यांत, सेवापथकांत राबणाऱ्यांत एकाही अरब माणसाला नाव नाही, चेहरा नाही. बातमीदार ज्या कामासाठी आला होता ते काम तोही विसरला आणि त्याला जन्म देणारा लेखकही. ही टीका माझी नव्हे. कॉनर क्रूझ ओब्रायन या आयरिश लेखकाने १९७० साली कामूवरच्या आपल्या पुस्तकात ती केली होती, नंतर इतरांनीही केली. मला ती ठाऊक नव्हती हे एक वेळ चालेल. पण पहिल्या वाचनात मला काही खटकलंच नाही, याची लाज वाटते. मी कामूच्या खांद्यावरून बघत होतो, त्यामुळे त्याला दिसलं तेवढंच मला दिसलं.

म्हणून 'द प्लेग' टाकून द्यायची का? छे. कामू काही काळ ओरानमध्ये राहिला होता. १९४२च्या अखेरीस तो फ्रान्समध्ये अडकला आणि बायको राहिली समुद्रापलीकडे अल्जीरियात. कादंबरीत बंद शहराच्या आत आणि बाहेर ताटातूट झालेल्या माणसांची जी पानं आहेत ती त्या विरहातून आलेली आहेत आणि ती शंभर नंबरी खरी आहेत. जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्सचं जगणं त्याने साथीच्या आडून लिहिलं. स्वतःला दिसलेलं, भोगलेलं त्याने चोख लिहिलंय, आणि न दिसलेलं लिहिलेलं नाही. एकाच पुस्तकात दोन्ही आहे. वाचताना दोन्ही ध्यानात ठेवायचं, एवढंच.

त्याच कादंबरीत एक परिच्छेद आहे, तो तुमच्या चाळीस पानांच्या कोड्याशी जोडलेला आहे. इतिहासातल्या साथींमध्ये दहा कोटी माणसं मेली हा आकडा डॉक्टर डोळ्यांसमोर आणायचा प्रयत्न करतो आणि त्याला काही दिसत नाही. नुसता धूर. मग तो म्हणतो, दहा हजार म्हणजे पाच मोठ्या चित्रपटगृहांतले प्रेक्षक. खेळ सुटल्यावर त्या सगळ्यांना दारातच गाठा, चौकात न्या आणि ढिगाने मारा, म्हणजे आकड्याचा अर्थ थोडा कळेल. त्या ढिगात ओळखीचे चारदोन चेहरेही घालता आले तर बरं. क्रूर वाटतं, पण डॉक्टर इथे आपल्या डोक्याची मर्यादा सांगतोय. आकडा दुरून येतो आणि चेहरा जवळून.

आता तुमचा स्वतःवरचा आरोप. कादंबरी भराभर वाचता, खरं पुस्तक मिटता, म्हणजे तुम्ही दगड आहात, असं तुम्ही ठरवून टाकलंय. मला तर हे उलटं वाटतं. कादंबरीत छत कोसळतं तेव्हा ते कुणीतरी कोसळवलेलं असतं. कुणाला ढिगाऱ्याखाली ठेवायचं आणि कुणाला बाहेर काढायचं हे लेखकाने ठरवलेलं असतं, आणि आपल्याला ते न सांगता कळत असतं. अंधारात कुणीतरी बोट धरलेलं असतं. खऱ्या शहरावरच्या पुस्तकात तसं बोट धरणारं कुणी नाही. पुढच्या पानावर तो मुलगा मेला, तर तो मेलाच. तुम्हाला दम लागतो तो याचा. दगडाला दम लागत नाही.

दुसरं एक साधं कारण आहे, ते कुणी बोलून दाखवत नाही. बरीच कथेतर पुस्तकं पहिली चाळीस पानं इतिहास, भूगोल आणि आकडेवारीत घालवतात. शहराची स्थापना कुणी केली, लोकसंख्या किती, नगरपालिकेचा कारभार कसा. तुम्ही बरोबर तिथेच गळता! ती पानं खुशाल ओलांडा. जिथे पहिलं माणूस सकाळी उठून काहीतरी करायला निघतं तिथून सुरू करा आणि नंतर मागे या. शाळा सुटून जमाना झाला, सुरुवातीपासूनच वाचलं पाहिजे असं सांगणारं आता कुणी नाही.

विश्वास कशावर ठेवायचा, हा प्रश्न वाटतो तितका सरळ नाही. तीनशे वर्षांपूर्वीच डॅनिएल डीफोने त्याचा पार गुंता करून ठेवलाय. त्याचं 'अ जर्नल ऑफ द प्लेग इयर' १७२२ साली आलं. विषय १६६५ची लंडनची साथ. संपूर्ण साथीत शहरातच राहिलेल्या एका नागरिकाने लिहिलेली, आजवर प्रसिद्ध न झालेली नोंद, असं मुखपृष्ठावर ठोकून दिलं होतं. साथ आली तेव्हा डीफो पाचेक वर्षांचा होता. त्यामुळे पुस्तकातला 'मी', खोगिरं विकणारा तो ब्रह्मचारी, बनवलेला आहे. पण दर आठवड्याला छापले जाणारे मृत्यूंचे तक्ते, रोग्याच्या घराच्या दारावरची फूटभर लाल फुली, बाहेर बसवलेले पहारेकरी, हे सगळं अस्सल. आणि तो बनावट माणूस फार शहाणी गोष्ट करतो: सरकारी आकड्यांवर शंका घेतो. प्लेगचे मृत्यू कमी दिसताहेत, पण दुसऱ्या तापांचे एकाएकी वाढलेत, हे कसं? घराला टाळं लागू नये म्हणून लोक रोगाचं नाव बदलून सांगताहेत, हे त्याला कळतं. अधिकृत तक्त्यांप्रमाणे त्या वर्षी लंडनमध्ये प्लेगने सुमारे अडुसष्ट हजार माणसं मेली. खरा आकडा लाखाच्या घरात असावा, असं इतिहासकार आज मानतात. बनावट साक्षीदार खऱ्या तक्त्यापेक्षा खरं बोलत होता.

आणि उलटंही झालंय. अमेरिकी बातमीदार जॉन हर्सीचं 'हिरोशिमा' ३१ ऑगस्ट १९४६च्या 'न्यू यॉर्कर'मध्ये आलं. साप्ताहिकाने तो अंक जवळपास संपूर्ण त्या एका लेखाला दिला होता. सहा माणसं: एक कारकून मुलगी, दोन डॉक्टर, एका शिंप्याची विधवा, एक जर्मन पाद्री, एक जपानी धर्मोपदेशक. सगळी खरी, नावानिशी. पण मांडणीची युक्ती हर्सीला सुचली ती एका कादंबरीवरून. पूल तुटून पाच जण मरतात आणि त्या पाचांची आयुष्यं त्या क्षणापर्यंत कशी येऊन पोचली ते लेखक एकेक करून सांगतो, अशी थॉर्न्टन वाइल्डरची १९२७ची कादंबरी आहे. तिचाच साचा हर्सीने उचलला. त्याच्या लेखाच्या पहिल्या वाक्यात बॉम्ब फुटतो तेव्हा ती कारकून मुलगी शेजारच्या मेजावरच्या मुलीशी बोलायला मान वळवत असते. पुढच्या क्षणी तिच्या अंगावर पुस्तकांची कपाटं कोसळतात. अणुयुगाच्या पहिल्या क्षणी एक माणूस पुस्तकांखाली चिरडलं गेलं, अशी नोंद हर्सी करतो. पुस्तकांचा ढीग उशाशी रचून झोपणाऱ्यांनी ते जरूर वाचावं! 'हिरोशिमा' लहान आहे, दोन संध्याकाळींत संपतं, आणि त्यात चाळीस पानांचा भूगोल नाही. तुमचं पहिलं पूर्ण होणारं कथेतर पुस्तक हेच असू दे. १९८५च्या आवृत्तीत हर्सीने शेवटचं प्रकरण वाढवलं, चाळीस वर्षांत त्या सहा जणांचं काय झालं ते सांगणारं. तीच आवृत्ती घ्या. बॉम्बपेक्षा ते नंतरचं आयुष्य मला जास्त लागलं.

आता तुम्हाला आवडतील त्या कादंबऱ्यांकडे येऊ, कारण ताई जिथे निम्म्या बरोबर आहेत ती जागा इथे आहे. काही कादंबऱ्यांत उद्ध्वस्त शहर म्हणजे नाटकातला मागचा पडदा असतो. पुढे नायक-नायिकेचं प्रेम, शौर्य, सुटका. रात्री दोनपर्यंत जागवणाऱ्या पुस्तकांत अशी बरीच असतात. ती ओळखायची एक सोपी खूण सांगतो. कादंबरीच्या त्या शहरात पाणी कोण भरतं, बघा. शहर तीन महिने वेढ्यात आहे आणि कुणी पाण्यासाठी, सरपणासाठी, संडासाची बादली रिकामी करण्यासाठी घराबाहेर पडतच नसेल, तर ते पुस्तक शेकोटी आहे. बेलाशक वाचा, पण शेकोटी म्हणूनच.

पाण्याची गोष्ट निघालीच आहे तर स्टीव्हन गॅलोवेची 'द सेलिस्ट ऑफ साराएव्हो' (२००८) वाचा. बोस्नियातल्या साराएव्होचा वेढा एप्रिल १९९२ ते फेब्रुवारी १९९६ असा चालला, १४२५ दिवस. कादंबरीत केनान नावाचा एक बापमाणूस पाणी आणायला निघतो. टेकड्यांवर नेमबाज बसलेत, त्यांच्या टप्प्यातून शहर ओलांडून बिअरच्या एका कारखान्यापाशी जायचं, डबे भरायचे आणि परत यायचं. घरच्यांसाठीच नाही, खालच्या मजल्यावरच्या एका खवट म्हातारीसाठीही. म्हातारीच्या बाटल्यांना कड्या नाहीत. कड्या नसल्या की दोरीत ओवता येत नाहीत, दोन्ही हात अडकतात, जीव धोक्यात येतो. तो तिला परोपरीने सांगतो, बाटल्या बदल. ती बदलत नाही. तो चिडतो, मनातल्या मनात शिव्या घालतो. तरीही त्या बाटल्या वाहायच्या की टाकून यायच्या हा प्रश्न त्याला सोडत नाही. वेढ्याबद्दल मी जे काही वाचलंय त्यात या बिनकडीच्या बाटल्या माझ्या डोक्यातून जात नाहीत.

पण याच कादंबरीला दुसरी एक बाजू आहे. २७ मे १९९२ रोजी पावासाठी लागलेल्या रांगेवर तोफगोळा पडला आणि वीसहून जास्त माणसं मेली. त्यानंतर व्हेद्रान स्माइलोविच हा चेलोवादक भर रस्त्यावर, उघड्यावर बसून वाजवू लागला. तो खरा माणूस. कादंबरीत त्याला नाव नाही, तो नुसता 'सेलिस्ट' आहे, पण कुणावरून घेतलाय हे जगाला ठाऊक होतं. पुस्तक गाजलं तेव्हा स्माइलोविच उघडपणे संतापला. आपलं आयुष्य आपल्याला न विचारता वापरलं, अशी त्याची तक्रार होती. लेखकाची बाजू अशी की त्याने त्या कृतीवरून प्रेरणा घेतली, माणसाचं चरित्र लिहिलं नाही. मला विचाराल तर मी स्माइलोविचच्या बाजूला थोडा अधिक झुकतो, आणि कादंबरी मला तरीही आवडते. हा गुंता सोडवायची घाई करू नका. खऱ्या शहरावर कादंबरी लिहिली की कुणाचं तरी घर न विचारता वापरलं जातंच.

यातून रशियन लेखिका लिदिया गिन्झबुर्गने फार सुंदर वाट काढली. दुसऱ्या महायुद्धात जर्मन फौजांनी रशियातल्या लेनिनग्राडला घातलेल्या वेढ्यात ती स्वतः होती. तो वेढा ८७२ दिवसांचा. १९४१च्या नोव्हेंबर-डिसेंबरात, सर्वांत वाईट आठवड्यांत, मुलांना, अवलंबितांना आणि कचेरीतल्या नोकरदारांना दिवसाला १२५ ग्रॅम पाव मिळत होता, आणि त्यातही पीठ किती आणि भर किती! गिन्झबुर्गने त्यावर लिहिलं, पण 'मी' म्हणून लिहिलं नाही. तिने 'एन' नावाचा एक माणूस तयार केला आणि त्याचा एक दिवस लिहिला. सकाळी उठणं, पाणी आणणं, जिने चढणं-उतरणं, रांग, खानावळ, पुन्हा भूक. माणूस काल्पनिक, दिवस खरा. १९८४ साली ते रशियनमध्ये छापलं गेलं, इंग्रजीत 'ब्लॉकेड डायरी' या नावाने मिळतं. त्यात रांगेवर काही पानं आहेत. ती म्हणते, रांगेत पुरुषांचा धीर लवकर सुटतो. आपल्या वेळेला मोल आहे अशी सवय त्यांना लागलेली असते. बायकांचा वेळ मात्र आई-आजीपासून कुणी हिशेबात धरलेलाच नाही, त्यामुळे त्यांना उभं राहता येतं. तुम्ही हे वाक्य वाचाल तेव्हा मान डोलवाल, याची मला खात्री आहे. वेढ्यातल्या उपासमारीच्या मध्यावर एक बाई रांगेचं हे असलं बारीक निरीक्षण करते आहे, यातच तिची उंची कळते. गॅलोवे आणि गिन्झबुर्ग पाठोपाठ वाचा. एका कादंबरीतलं पाणी, एका वेढ्यातली पावाची रांग.

न दिसण्याच्या विषयावर आणखी एक जोडी आहे, पण ती सावकाश घ्या. फ्रेडरिक एंगल्सने चोविसाव्या वर्षी मँचेस्टरवर लिहिलं, ते पुस्तक १८४५ला आलं. त्याने एक नेमकी गोष्ट टिपली. शहराच्या मोठ्या रस्त्यांच्या दोन्ही कडांना दुकानांची ओळ होती आणि मजुरांच्या वस्त्या त्या ओळीच्या मागे. श्रीमंत व्यापारी घरून बाजारात रोज ये-जा करायचा, पण त्या वस्त्या त्याच्या नजरेला कधी पडायच्याच नाहीत. शहर आराखड्यापेक्षा आपोआपच वाढत गेलं होतं, तरी बडे कारखानदार यात अगदीच निरपराध नसावेत, असं एंगल्सला वाटलं. आता याच्या शेजारी चायना मिएव्हिलची 'द सिटी अँड द सिटी' (२००९) ठेवा. वरवर बघता खुनाच्या तपासाची कादंबरी. पण तिथे एकाच जमिनीवर दोन शहरं एकमेकांत मिसळून वसलेली आहेत, आणि दुसऱ्या शहरातली माणसं, गाड्या, इमारती समोर असूनही 'न बघण्याचं' शिक्षण प्रत्येकाला लहानपणापासून दिलेलं आहे. चुकून बघितलं तर गुन्हा. पहिल्या पन्नास पानांत डोकं गरगरतं. नंतर पुस्तक मिटून रस्त्यावर चालायला लागलात की आणखी गरगरतं, कारण हे कौशल्य आपल्यात किती उत्तम आहे ते लक्षात येतं.

एरिक क्लिननबर्गचं 'हीट वेव्ह' (२००२) मला या सगळ्या ढिगात सर्वांत वर ठेवावंसं वाटतं, जरी त्यात ना वेढा, ना बॉम्ब. जुलै १९९५मध्ये शिकागोत उष्णतेची लाट आली, पारा ४१ अंशांपर्यंत गेला. आठवड्याभरात नेहमीपेक्षा ७३९ माणसं जास्त मेली. पुष्कळशी म्हातारी, एकटी, बंद खोलीत. शवागारात जागा उरली नाही म्हणून शीतगाड्या आणून उभ्या कराव्या लागल्या, आणि शहराच्या महापौरांनी मृतांच्या आकड्यावरच शंका घेतली. डीफोचा खोगीरवाला आठवतो ना? क्लिननबर्ग समाजशास्त्रज्ञ. त्याने शेजारशेजारच्या दोन वस्त्या घेतल्या. दोन्हींत गरिबी आणि एकट्या म्हाताऱ्यांचं प्रमाण साधारण सारखं, पण मृत्यूच्या दरात दहापटीच्या जवळपास फरक. का? एका वस्तीत रस्ते गजबजलेले, दुकानं चालू, त्यामुळे म्हातारी माणसं उन्हातही घराबाहेर पडून कुठे तरी गारव्याला बसत होती. दुसरीत कारखाने गेले, दुकानं गेली, मोकळे प्लॉट आणि भीती उरली, म्हणून म्हातारे दार लावून आत बसले. उन्हाने मारलं हे खरं, पण दार कुणी लावायला लावलं हे त्या पुस्तकात आहे. थोडं अभ्यासकी आहे, काही तक्ते ओलांडा. या दोन वस्त्यांचं प्रकरण मात्र सोडू नका.

शहर एकच आणि बघणारे दोन, असाही एक प्रकार वाचून बघा. नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' (१९७२) तुम्ही वाचला असेल किंवा निदान ऐकून असाल. तो आतून लिहिलेला आहे. इतका आतून, की प्रस्तावना लिहायला बसलेल्या विजय तेंडुलकरांना त्यातले कित्येक शब्द कळेनात, त्यांनी कवीलाच अर्थ विचारले आणि तसं प्रस्तावनेत लिहूनही टाकलं. त्याच मुंबईतल्या विमानतळाजवळच्या वस्तीवरचं कॅथरीन बूचं 'बिहाइंड द ब्युटिफुल फॉरएव्हर्स' (२०१२) हे बाहेरून आलेल्या बातमीदाराचं. भाषा दुभाष्यांकरवी, पण मुक्काम काही वर्षांचा, आणि माणसांनी सांगितलेलं सरकारी कागदांशी ताडून पाहिलेलं. ढसाळ स्वतःला पानापानावर फेकतात, बू शेवटचं टिपण सोडलं तर स्वतःला एकदाही 'मी' म्हणून आणत नाही. कोण जास्त जवळ? मी दोन्हीकडून वाद घालू शकतो, आणि मित्रांत घातलाही आहे.

एक सावधगिरी. 'अ वुमन इन बर्लिन' ही १९४५च्या वसंतातली निनावी रोजनिशी तुमच्या अर्धवट पाचांत असेल तर ती मन थाऱ्यावर असेल तेव्हाच उघडा. शहर पडल्यावर सैनिकांनी बायकांचं काय केलं ते तिथे कोरड्या, कधी विनोदीसुद्धा आवाजात लिहिलेलं आहे, आणि तो कोरडेपणाच सहन होत नाही. १९५९ला जर्मनमध्ये निघाली तेव्हा वाचकांनी लेखिकेलाच नावं ठेवली. आपण जिवंत असेपर्यंत पुन्हा छापू नका, असं तिने सांगून ठेवलं. २००१ला ती गेली, २००३ला पुस्तक पुन्हा आलं. असं पुस्तक झोपण्यापूर्वी वाचू नये. खरं तर यातलं कुठलंच वाचू नये. दिवसाउजेडी वाचा, खुर्चीत बसून, आणि मिटल्यावर लगेच दुसरं उघडू नका. एक संपलं की दुसरं, ही सवय मात्र खरोखर सोडण्यासारखी आहे. मध्ये आठवडाभर काहीतरी हलकंफुलकं, किंवा काहीच नाही.

क्रम विचारलात, तर आधी 'हिरोशिमा'. मग 'द प्लेग', आणि वाचताना अरब कुठे कुठे गायब आहेत ते पेन्सिलीने समासात टिपत जा. माझ्यावर आली ती वेळ तुमच्यावर यायला नको. त्यानंतर गॅलोवे-गिन्झबुर्गची जोडी. पुढचं तुमचं तुम्ही ठरवाल. डीफो जमला नाही तरी चालेल. त्याची इंग्रजी जुनी, प्रकरणं पाडलेली नाहीत आणि एकच गोष्ट तो तीनदा सांगतो.

अर्धवट पाचांपैकी एखादं कायमचंच राहिलं, तर राहू द्या.

ताईंना उत्तर देऊ नका. केनानच्या बाटल्यांची पानं खूण घालून त्यांच्या हातात द्या आणि चहाला आत जा. परत याल तेव्हा त्या वाचत असतील तर श्लोकाचा शेवटचा चरण त्यांना ऐकवा. पुस्तक मिटून बसल्या असतील तर विषय काढू नका. बहिणी आहात, इतर विषय आहेत.

राहता राहिली '२६६६'. त्यातलं शहर, सांता तेरेसा, हे मेक्सिकोच्या सीमेवरच्या सिउदाद हुआरेसवर बेतलेलं आहे. तिथे १९९०च्या दशकापासून शेकडो बायका-मुलींचे खून झाले. कादंबरीचा चौथा भाग म्हणजे त्या मृतदेहांची जंत्री. एकामागून एक, पोलिसी नोंदीच्या भाषेत, काही शेकडा पानं. कोण दिसत नव्हतं ते बोलान्यो दाखवतो, आणि तुम्हाला मान वळवू देत नाही. मला ती संपवायला तीन प्रयत्न लागले. तूर्त ती कपाटात वरच्या फळीवर ठेवा. उशाशी नको.